चेहऱ्याची जागा

कॅमेऱ्याला आत यायची परवानगी नाही, म्हणून मी येते.
सेंट जॉन्स, न्यूफाउंडलंड, तीन नंबरची खोली,
मार्चचा दुसरा आठवडा.
रेडिएटरवर वाळत घातलेले पोलिसाचे हातमोजे,
माझ्या मांडीवर तपकिरी कागद
आणि खडूंचा डबा. पूर्वी त्यात बापाचे गळ असायचे.

गॅरेट मर्नाहन, माजी मत्स्यमंत्री,
काढायला सोपा.
तीस वर्षं पोस्टरांवर पाहतेय मी त्याला:
बंदरासारखं ऐसपैस कपाळ,
हनुवटीला खळी, तिच्यातच
अर्ध्या प्रांतानं आपलं मत टाकलेलं.
डोळ्यांखाली जरा राखाडी भरला
तर क्लाइडचा वर्तमानपत्रातून फोन:
कमी कर, विनी. थकलेला दिसला
तर लोक म्हणतील आपण बाजू घेतली.

बाजू.

तिचा मात्र चेहरा काढायचा नाही.
कायद्याचा हुकूम आहे, आणि भल्या हेतूनं दिलेला:
नाव नको, गाव नको, ओळख पटेल असं काहीच नको.
आई म्हणायची, ज्यानं केलं त्यानं तोंड लपवावं.
इथे तो नाकीडोळी नीटस पहिल्या पानावर
आणि शेजारी ती,
खांद्यांवर ठेवलेलं एक कोरं अंडं.

मग मी हात काढले.
कुरतडलेली नखं, रिकामा पेला धरलेले,
डाव्या अंगठ्यापासून मनगटापर्यंत गेलेला व्रण.
कॉड चिरताना सुरी निसटते तेव्हाचा. मला न सांगता कळला,
माझ्याही हातावर आहे.
कारकून खांद्यावरून वाकला, हळूच म्हणाला,
व्रण पुसा, गावात ओळखतील.
बरोबरच होतं त्याचं.
पावाच्या गोळ्यानं पुसला. पाव काळा झाला.

डोरीन हिस्कॉक, बचावाची वकील, आवाज लोण्यासारखा:
नाताळात तुम्ही त्यांना कार्ड पाठवलंत?
हो.
त्यावर रेनडिअर होतं?
हो.
हसणारं?
ती किती वेळ गप्प होती ते लिहून घेत नाहीत.
मी त्या वेळात एक अख्खा खडू संपवला.

संध्याकाळच्या बातम्यांत रेनडिअर.
सकाळच्या व्यंगचित्रात रेनडिअर.
विरोधी पक्षाला तिचा एकाएकी पुळका आला,
चौदा जण सभागृहात तिच्यासाठी उभे राहिले
आणि खेकड्यांच्या कोट्याचा ठराव मनासारखा झाल्यावर
खाली बसले.

न्यायमूर्तींनी पाऊण तास निकाल वाचला.
ती खोटं बोलली असं मी म्हणत नाही, म्हणाले,
आणि चष्मा पुसला.
संशयाचा फायदा.
शब्द फायदाच आहे, मी नीट ऐकलं.
भांडवल तिचं.

जूनमध्ये मर्नाहनच्या कचेरीतून चेक आला, मूळ चित्रासाठी.
फ्रेम करून लावणार म्हणे, बंदराकडच्या भिंतीवर;
मोठ्या माणसांना आवडतात असल्या आठवणी.
मी विकलं.
छपराचं काम निघालं होतं.
हे लिहायचं नाही असं दोनदा ठरवलं होतं.

ऑक्टोबरात ती दारात उभी,
टोपी हातात, बूट धुक्यानं ओले.
म्हणाली, मी आहे का तुमच्याकडे?

पिठाच्या डब्यामागे एक वही होती.
पहिल्याच सकाळी हात आपोआप चालला होता,
कुणाला दाखवायला नव्हे.
तिनं ती खिडकीशी नेली.
स्वतःकडे इतका वेळ पाहणारं माणूस
मी आरशापुढेही पाहिलेलं नाही.
व्रणावरून बोट फिरवलं, खडू बोटाला लागला.
शेवटी म्हणाली,
कान एवढे मोठे नाहीत माझे.

मी रबर शोधायला उठले.
राहू द्या, ती म्हणाली.